लोपरेषेवरच्या हरकती

श्रीरंगराव तळवणेकरांनी विश्वाची रचना पूर्ण केली ती एका रविवारी सकाळी, मटार सोलता सोलता. विश्व पूर्ण झालं तेव्हा अर्धे मटार शिल्लक होते, म्हणून जयवंतीबाईंनी त्यांना उठू दिलं नाही. पण शेवटची शेंग हातावेगळी होताच ते टेबलाशी गेले, आणि कित्येक महिने मनात अडून बसलेली एक रेषा त्यांनी जांभळ्या पेनाने नकाशावर ओढली.

या रेषेचं नाव लोपरेषा. तिच्यापायी पुढे जे घडलं ते समजायचं तर थोडा सिद्धांत सोसावा लागेल. जयवंतीबाईंनी संसाराची सगळी वर्षं सोसला, आपण एक परिच्छेद सोसू.

श्रीरंगराव मुंबईच्या एका महामंडळात वरिष्ठ सहायक होते, गोखिवऱ्याच्या एका सोसायटीत राहत होते आणि अवनाळ नावाच्या एका अद्भुत राज्याची कादंबरी लिहीत होते. या राज्यात वास्तव एकपदरी नव्हतं. वरच्या पदरात आत्ता आहे ते. खालच्या पदरात जे होतं आणि गेलं ते. आणि दोन्हींच्या मध्ये जे व्हायचं ठरलं होतं पण झालं नाही ते. ही कल्पना त्यांना सुचली बेडरूमच्या छताला ओल आली तेव्हा. वरच्या मजल्यावरचे म्हणत, आमचं न्हाणीघर कोरडं ठणठणीत आहे. खाली तर थेंब पडत होते. सोसायटीची कमिटी दोन्हीकडे पाहून आली आणि दोघांचंही म्हणणं खरं असल्याचा निर्वाळा देऊन चहा पिऊन गेली. त्या रात्री श्रीरंगरावांना कळलं की वास्तवाला पदर असतात. तर अवनाळात जिथे पदर झिजतात तिथून लोपरेषा जाते, आणि तिच्याखाली येणारं गाव वरच्या पदरातून खालच्या पदरात घसरतं. गाव मरत नाही. विहिरी असतात, झाडं असतात, माणसं असतात. फक्त वरच्यांना ती दिसत नाहीत.

आता एवढं राज्य उभं करायचं म्हणजे नकाशा हवाच. पण मनाने समुद्रकिनारा काढायला बसलं की तो दर वेळी वेंगुर्ल्यासारखाच यायचा. शेवटी लेखकाने ओळखीच्या मुलखाबद्दलच लिहावं या तत्त्वाला शरण जाऊन त्यांनी वसईचा नकाशा खिडकीच्या काचेवर धरून गिरवला. खाडी तशीच ठेवली, तुंगारेश्वराचा डोंगर तसाच ठेवला. उमेळ्याचं केलं उमाळ, सांडोरचं सांदूर. उन्नतीच्या, म्हणजे लेकीच्या, जुन्या स्केचपेनांपैकी पिवळा, हिरवा आणि जांभळा एवढेच चालू होते, त्यामुळे पदर त्याच रंगांचे झाले. नगररचनेच्या नकाशांनाही साधारण हेच रंग लागतात ही गोष्ट त्यांना कोणी सांगितली नव्हती.

रंगांचं एक वेळ निभावलं असतं. घात केला तो भाषेने. पाव शतक महामंडळात टिपणं लिहून माणूस कोरा राहत नाही. नकाशाच्या माथ्यावर त्यांनी वळणदार अक्षरांत ‘अवनाळ राज्य’ लिहिलं आणि खाली, हात चालू होता म्हणून, ‘पदररचना आराखडा (प्रारूप)’. लेखनप्रेमी मित्रांचं मत हवं होतं, ते शेवटी असं उमटलं: ‘हरकती व सूचना खालील पत्त्यावर समक्ष सादर कराव्यात.’ आणि पत्ता, फ्लॅट नंबरासकट.

एवढा मोठा कागद छापणारं दुकान स्टेशनजवळ एकच, जोनाथनचं. तिथे आर्किटेक्ट लोकांची ड्रॉइंगं निघतात. पहिला प्रिंट निघाला त्यात वरची पट्टी कापली गेली, म्हणजे नेमकं ‘अवनाळ राज्य’ गेलं.

“सॉरी हां अंकल, मार्जिन कटला. परत मारतो,” जोनाथन म्हणाला. त्याने दुसरा प्रिंट श्रीरंगरावांना दिला आणि पहिला काउंटरच्या कोपऱ्यात उभा करून ठेवला. दुकानात दिवसभर बिल्डरांची माणसं येत-जात होती. संध्याकाळपर्यंत त्या कापलेल्या नकाशाचा फोटो उमेळ्यापासून सांडोरपर्यंत प्रत्येक फोनवर पोचला होता. वर मजकूर होता: ‘नवा प्लान लीक!! जांभळ्या लाइनखाली गावे लोप पावणार!! सर्व ग्रुपवर टाका.’

पहिली हरकत दुसऱ्या दिवशी सकाळी आली. श्रीरंगराव दाढीचा फेस लावून दार उघडायला गेले तर समोर इस्त्रीच्या शर्टातले एक उंचेपुरे गृहस्थ.

“मी थॉमस लोपीस, सांडोर. केळीची वाडी आहे आपली. एकच विचारतो. ही लोपरेषा म्हणजे लोपीसांची रेषा ना? आमच्याच कुटुंबावर का?”

श्रीरंगरावांनी फेस पुसला आणि लोप म्हणजे नाहीसं होणं, याचा लोपीसांशी संबंध नाही, असा खुलासा केला. त्याने थॉमसचं समाधान होण्याऐवजी त्याचा चेहरा पांढरा पडला. “म्हणजे आम्ही नाहीसे होणार?”

“तुम्ही नाही हो, सांदूर!”

“तेच. स्पेलिंग कसंही लिहा साहेब, वाडी आमचीच आहे.”

थॉमस हरकत ठेवून गेला, सोबत केळ्यांचा एक घड. त्यानंतर रीघ लागली. जयवंतीबाईंनी पहिल्या दिवशी सगळ्यांना चहा केला, दुसऱ्या दिवशी पाणी दिलं आणि तिसऱ्या दिवशी दारावर ‘हरकती सायंकाळी सहा ते आठ’ अशी चिठ्ठी लावली. श्रीरंगरावांना ती चिठ्ठी आवडली नाही, पण त्यांच्याच्याने काढवलीही नाही.

कारण एक गोष्ट कबूल करायला हवी. येणारे लोक शिव्या देत होते, रडत होते, पण नकाशा बारकाईने वाचून येत होते. लेखनप्रेमी मित्रांनी फोनवर अंगठ्याचं चित्र टाकण्यापलीकडे काही कळवलं नव्हतं. इकडे उमेळ्याचा एक मास्तर विचारत होता की मधल्या पदरातून वरच्या पदरात परत येण्याची तरतूद कुठल्या कलमाखाली आहे. असा वाचक कुणाला मिळतो? श्रीरंगराव त्याला तासभर समजावत बसले. मास्तर जाताना म्हणाला, “म्हणजे तरतूद आहे, पण तुम्ही सांगत नाही.”

सोसायटीत सल्ल्यांना तोटा नव्हता. तळमजल्यावरचे म्हणाले, पोलिसांत जा. दुसऱ्या मजल्यावरचे म्हणाले, गावाला जा. शेजारच्या विघ्नेशने मात्र वेगळाच सल्ला दिला. विघ्नेशचा जागांच्या खरेदी-विक्रीचा धंदा होता, कार्डावर ‘प्रॉपर्टी कन्सल्टंट’ होतं. “काका, काहीच करू नका. शांत बसा. थोड्या दिवसांनी सगळं आपोआप सेटल होतं.”

पण शांत बसणं हा श्रीरंगरावांचा पिंड नव्हे. त्यांनी अर्धी रजा टाकली आणि नगररचनेच्या कार्यालयात जाऊन खिडकीवरच्या बाईंना सांगितलं, “हा नकाशा तुमच्या कार्यालयाचा नाही, एवढं लिहून द्या.”

बाईंनी नकाशा पाहिला. “आमचा नाहीच आहे.”

“तेच लिहून द्या.”

“आमच्याकडे न आलेला नकाशा आमचा नाही असं कसं लिहिणार? मग जगातले सगळेच नकाशे लिहावे लागतील. तुम्ही आधी सादर करा, मग आम्ही नाकारतो.”

हे तर्कशास्त्र श्रीरंगरावांना पटलं. पटायलाच हवं होतं, ते स्वतः तेच करत आले होते. त्यांनी नकाशा सादर केला. बाईंनी कोपऱ्यावर गोल शिक्का मारला, आवक क्रमांक घातला आणि एक प्रत पोच म्हणून परत दिली. नाकारल्याचं पत्र रीतसर येईल, म्हणाल्या, साहेब प्रशिक्षणाला गेलेत.

श्रीरंगरावांच्या डोक्यावरचं ओझं उतरलं. त्याच आनंदात त्यांनी शिक्क्याच्या प्रतीचा फोटो काढून मास्तरच्या नंबरावर पाठवला आणि खाली लिहिलं: ‘सदर आराखड्याबाबत नगररचना कार्यालयाकडे रीतसर कार्यवाही झाली आहे. कृपया सर्वांना कळवावे.’

मास्तरने सर्वांना कळवलं.

“बाबा,” उन्नतीने फोनवरून मान वर केली, “कालपर्यंत हा लीक होता. आज तुम्ही त्याला शिक्का मिळवून दिलात.”

त्या संध्याकाळी सहा ते आठची वेळ कोणी पाळली नाही. रांग जिन्यातून खाली गेटपर्यंत गेली.

दोन दिवसांनी विघ्नेश पेढे घेऊन आला. चांगले केशरी पेढे होते. श्रीरंगरावांनी एक तोंडात टाकला आणि मग विचारलं कशाबद्दल.

“तुमच्यामुळेच काका. उमेळ्याची ती बायजाबाई माहितीये? रस्त्याला लागून चिकूची वाडी. चार वर्षं तिच्या पायऱ्या झिजवतोय, म्हातारी बधत नव्हती. तुमच्या लाइनखाली बरोब्बर तिची वाडी येते. आता म्हणते, जाणारच आहे तर मिळेल तेवढ्यात देते. तीन दिवसांनी सह्या.”

श्रीरंगरावांनी बॉक्स दूर सारला. “अरे, पण ते सगळं कादंबरीतलं आहे! तुला तर माहीत आहे.”

“मला माहीत आहे.”

“मग तिला सांगितलं नाहीस?”

“तिने मला विचारलंच नाही,” विघ्नेश अगदी सरळ म्हणाला. “मी एका शब्दानेही खोटं बोललो नाही काका. नकाशा तुमचा, लाइन तुमची. मी फक्त शांत बसलो.”

तो गेल्यावर जयवंतीबाईंनी पेढ्यांचा बॉक्स बंद केला आणि ओट्यावर ठेवला. “उद्या उमेळ्यात सभा आहे म्हणे, मारुतीच्या देवळासमोर,” त्या म्हणाल्या. “या आराखड्याविरुद्ध. तुम्ही जाणार आहात.”

“ते मला मारतील.”

“मी येते सोबत.”

या दोन वाक्यांचा एकमेकांशी काय संबंध ते श्रीरंगरावांना कळलं नाही, पण दुसऱ्या दिवशी नवरा-बायको रिक्षाने उमेळ्याला गेले. नकाशाची गुंडाळी रिक्षाच्या बाहेर हातभर डोकावत होती.

देवळासमोरचं पटांगण भरलं होतं. सांडोरहून थॉमस लोपीस चार जण घेऊन आला होता. मास्तर माइकवर होता. मागे पारावर विघ्नेशही बसलेला दिसला. आणि अगदी पुढे, सतरंजी सोडून नुसत्या जमिनीवर, एक सुरकुतलेली, काटक म्हातारी बसली होती. मास्तरने कानात सांगितलं, “त्या बायजाबाई.”

श्रीरंगरावांनी माइक हातात घेतला. घसा खाकरला. “बंधुभगिनींनो, हा नकाशा खोटा आहे. यातलं राज्य मी माझ्या मनाने रचलं आहे.”

पटांगणात हसू पसरलं. वाईट, कडवट हसू.

“खोटा तर शिक्का कसला?” मागून आवाज आला.

“आवक शिक्का आहे तो! कोणत्याही कागदावर मिळतो!”

“मग आमच्या अर्जावर का नाय मिळत?” यावर टाळ्या झाल्या.

थॉमस उठला. तो भांडायला नव्हे, समजून घ्यायला उठला होता, म्हणून अधिक अवघड गेलं. “साहेब, तुम्ही शिकलेले माणूस. वर्षानुवर्षं खपून, जिथे एक गुंठा जमीन विकत मिळत नाही अशा मनातल्या गावाचा नकाशा कोण काढील? का काढील? तुम्हीच सांगा.”

श्रीरंगरावांनी तोंड उघडलं. खरं तर हा प्रश्न त्यांना आजवर फक्त बायकोने विचारला होता, आणि तिलाही त्यांना उत्तर देता आलं नव्हतं. चारपाचशे माणसं उत्तराची वाट पाहत होती. त्यांनी सिद्धांतापासून सुरुवात केली. पदर सांगितले, झीज सांगितली, लोपरेषा सांगितली. आवाज हळूहळू चढला. माणसं कान देऊन ऐकत होती, पोरं गप्प झाली होती, आणि श्रीरंगरावांना क्षणभर अगदी विसर पडला की आपण इथे कशाला आलो. उमाळ गाव खालच्या पदरात घसरतं तो प्रसंग त्यांनी असा रंगवला की पुढच्या रांगेतल्या दोन बायकांनी पदर डोळ्यांना लावला.

बायजाबाई उठून उभी राहिली.

“म्हंजे माजी वाडी जानार ती जानारच.”

श्रीरंगराव भानावर आले. पारावर विघ्नेशने पाय सैल सोडले होते.

“नाही मावशी! थांबा. आपण... आपण हरकत ऐकू. तुमची हरकत मंजूर.” त्यांनी नकाशा जमिनीवर पसरला, पेन काढलं आणि लोपरेषा उमाळच्या दक्षिणेकडून वळवली.

“ए, तिथं माझी वाल-पापडी आहे,” एक जण ओरडला.

त्यांनी ती पश्चिमेला घेतली. थॉमस लगेच पुढे आला. सांदूर चुकवून खाडीकाठाने नेली, तर खाडीकाठचे उठले. डोंगरावर नेली, तर एक पोरगा म्हणाला की डोंगरावर आमचं देवस्थान आहे. गोखवनात, म्हणजे गोखिवऱ्यात नेली, तर जयवंतीबाईच म्हणाल्या, “आणि आपण?” जरा वेळात नकाशावर खोडलेल्या रेषांचं जाळं झालं आणि श्रीरंगरावांच्या विजारीला गुडघ्यावर माती लागली.

“ती लाइन लागतेच कशाला?” बायजाबाईने विचारलं. “पुसून टाक ना पुरी.”

“मावशी, ती रेषा गेली तर गोष्टच उरत नाही. सगळी कादंबरी त्या रेषेवर उभी आहे.”

“माजी वाडी पन तिच्यावरच उभी हाय,” ती म्हणाली. आवाज चढवला नाही तिने. “तुजी गोष्ट तू परत करशील. मी चिकू कवा लावू परत? माजा वय हाय का?”

श्रीरंगराव गुडघ्यावर तसेच बसून राहिले. खोटं म्हटलं तर कोणी मानत नव्हतं, आणि खरं म्हटलं तर म्हातारी परवा सही करणार होती. मग पाव शतकाची नोकरी त्यांच्या मदतीला आली. सरकारी कागद खोटा असतो यावर या देशात कोणाचा विश्वास बसत नाही. पण कागद रद्द होतो, यावर मात्र सगळ्यांचा बसतो. प्रत्येकाचं काही ना काही रद्द झालेलं असतं.

त्यांनी मास्तरकडून लाल पेन मागून घेतलं. नकाशाच्या एका कोपऱ्यापासून दुसऱ्या कोपऱ्यापर्यंत, डोंगरावरून, खाडीवरून, उमाळच्या विहिरींवरून, मोठ्या अक्षरांत लिहिलं: रद्द. खाली सही केली. तारीख घातली. सवयीने हुद्दाही लिहिला. एकही अक्षर वाकडं आलं नाही.

मग उठून माइकवर म्हणाले, “आलेल्या हरकती विचारात घेऊन सदर आराखडा रद्द करण्यात आला आहे.”

पटांगणात असा जल्लोष झाला की देवळातली घंटा कोणीतरी उगाचच वाजवली. थॉमसने श्रीरंगरावांना मिठी मारली. मास्तरने रद्द नकाशाचा फोटो काढून सर्व ग्रुपवर टाकला. पारावरून विघ्नेश खाली उतरला आणि बायजाबाईकडे जाऊन हळू आवाजात म्हणाला, “मावशी, परवाचं...”

“परवा मना चिकू उतरवायचे हायत,” बायजाबाई म्हणाली.

घरी आल्यावर श्रीरंगरावांनी नकाशाची गुंडाळी कपाटावर टाकली. जेवताना जयवंतीबाईंनी वरणावर तूप जरा जास्त घातलं. कादंबरीचं पुढचं प्रकरण त्यांना सुचेना. कार्यालयाचं नाकारल्याचं पत्र आलं, त्यात ‘आपला आराखडा आपणच रद्द केल्याचे समजते, सबब नाकारण्याचा प्रश्न उद्भवत नाही’ असं होतं. ते त्यांनी फाइलला लावलं.

पुढच्या रविवारी दुपारी बायजाबाई गोखिवऱ्याला आली. पिशवीभर चिकू जयवंतीबाईंकडे दिले आणि सोफ्याच्या कडेवर बसली, पाणी प्यायली.

“एक इचारायचा होता,” ती श्रीरंगरावांना म्हणाली. “ती तुजी लोका. लाइनीखाली गेली ती. ती मंग खाली काय करतात?”

श्रीरंगरावांनी तिच्याकडे पाहिलं. “मावशी, ते रद्द झालं.”

“रद्द कागद झाला. लोकांचा काय झाला?”

मग त्यांनी सांगितलं. खालच्या पदरातली शेतं, तिथलं पाणी, तिथली माणसं रोजची कामं करत असतात, वरून लोक चालत जातात त्यांचे पाय ऐकू येतात, पण हाक वर पोचत नाही. बायजाबाई ऐकत होती. मध्येच मान हलवत होती, हे तर माहीतच आहे अशी.

“बरोबर हाय,” ती शेवटी म्हणाली. “असाच असतो. माजा माहेर हितलाच. ह्या तुमच्या बिल्डिंगीच्या जाग्यावर आमचा भात होता.”

“इथे?”

“हितंच. चल, दावते.”

तिघं खाली उतरली. पार्किंगमध्ये ऊन होतं. बायजाबाई एक क्षण थांबली, डोंगराकडे पाहून अंदाज घेतला, आणि मग न अडखळता चालायला लागली. पाण्याच्या टाकीपाशी म्हणाली, हितं जांभूळ. लिफ्टच्या भिंतीवर हात ठेवून म्हणाली, ही विहीर, पानी गोड होता. बापाने खनली, मी माती वाहिली. तिच्या बोलण्यात रडणं नव्हतं. पाहुण्यांना घर दाखवावं तसं दाखवत होती. श्रीरंगराव खिशात पेन चाचपत तिच्यामागून चालत होते.

वरून खिडकी उघडली. “काका!” विघ्नेशचा आवाज आला. “कसली मोजणी चाललीये? नवीन काही निघालंय का?”

“काही नाही रे,” श्रीरंगराव मान वर करून म्हणाले. “मावशींचं माहेर बघतोय.”

बायजाबाई गेटजवळच्या रांगेपाशी जाऊन उभी राहिली होती. तिथे गाड्या दाटीने लावल्या होत्या. “आनि हितं,” ती म्हणाली, “आमचा उंबरा. हितूनच मी लगीन होऊन गेले.”

जयवंतीबाईंनी कनवटीची चावी काढली, तिथेच लावलेली आपली स्कूटर स्टँडवरून उतरवली आणि बाजूला घेतली.